नाझरांनी मागे घ्यायला लावलेला दावा

माझं अक्षर वेडंवाकडं आहे, आणि ऱ्हस्व-दीर्घ मला शाळेतही कधी जमलं नाही. चौथीनंतर शाळा सुटली ती सुटलीच. ही मुलीची कॉलेजची जुनी वही आहे, मागची पानं कोरी होती म्हणून त्यात लिहिते आहे. चुकून कुणाच्या हाती लागली तर चुकांसाठी माफ करावं. ओळी वर-खाली गेल्या असतील तर त्याला माझा पाट कारणीभूत आहे. पापड लाटायच्या पाटावर वही ठेवून लिहिते, आणि तो एका बाजूनं झिजलेला आहे.

मला लिहायचं आहे ते आमच्या घरमालकांबद्दल. त्यांचं नाव मी लिहिणार नाही. ते असते तर त्यांनी विचारलं असतं, "नाव घालायची लेखी परवानगी घेतलीत का?" पेणमध्ये सगळे त्यांना नाझर म्हणायचे. कोर्टात नाझर म्हणून एक हुद्दा असतो. बेलीफ त्याच्या हाताखाली असतात, समन्स कुणाला लागलं, कोर्टात कुणी किती पैसे भरले, हे सगळं तो बघतो. ते काम करून निवृत्त झाले, पण हुद्दा त्यांच्यासोबत घरी आला.

मी त्यांच्या मागच्या खोलीत भाड्यानं राहायला आले तेव्हा माझ्याकडे एक मुलगी, दोन बोचकी आणि रोह्याच्या कोर्टात चालू असलेला एक दावा होता. त्यांनी पहिल्या दिवशी बोचक्यांबद्दल काही विचारलं नाही. "दावा कुठल्या टप्प्यावर आहे?" एवढंच विचारलं. मला टप्पा म्हणजे काय ते माहीत नव्हतं. 

नाझर सगळ्यांना अहो-जाहो करायचे. माझ्या मुलीला, भाजीवाल्याच्या पोराला, आणि शेजारच्या मांजरालाही. "अहो, उतरा खाली. ते दूध तुमचं नाही," असं ते ओट्याकडे बघून म्हणाले की मला आधी वाटायचं घरात कुणी पाहुणा आलाय.

दुसरी गोष्ट म्हणजे कार्बन पेपर. त्यांच्या शर्टाच्या खिशात तो घडी करून ठेवलेला असायचाच, त्यामुळे खिशाचं कापड कायम निळं. काहीही लिहायचं तर त्याची प्रत ठेवायची. मी पहिल्या महिन्यात त्यांना वाटीभर वालाचं बिरडं दिलं. दुसऱ्या दिवशी वाटी धुऊन परत आली, आत चिठ्ठी. "वाटी एक, परत. बिरडे उत्तम. मीठ किंचित कमी, परंतु तक्रार नाही." या चिठ्ठीचीसुद्धा प्रत त्यांच्याकडे होती. मुलगी पोट धरून हसली. मी मात्र ती चिठ्ठी डब्यात ठेवली. मला त्याआधी कुणी काही लिहून दिलेलं नव्हतं.

शेजाऱ्यांचा फणस नाझरांच्या भिंतीवरून आत यायचा. दर वर्षी पिकायला लागले की नाझर शेजाऱ्यांना नोटीस द्यायचे. लेखी, तारीख घालून, फाटकावर जाऊन स्वतः. शेजारी गणपतीचा कारखाना चालवायचे. हातावर पांढरी माती तशीच, ते नोटीस घ्यायचे आणि म्हणायचे, "नाझर, फांदी तोडू काय मग?"

"तोडू नका. झाडाची चूक नाही."

"मग नोटीस कशाला देता?"

"उद्या फणस माझ्या डोक्यात पडला तर मी गप्प होतो असं व्हायला नको."

शेजारी मग एक फणस पाठवून द्यायचे. नाझर तो घ्यायचे आणि पोच लिहायचे: "फणस स्वीकारला. मूळ तक्रार कायम." फणस मीच चिरायचे, तेल लावून, कारण त्यांना चीक चालायचा नाही. गरे अर्धे माझ्याकडे, अर्धे त्यांच्याकडे, आणि चार परत शेजाऱ्यांकडे.

ते भांडायचेही खूप. दूधवाल्याशी, नळाच्या माणसाशी, रंगाच्या मशिनचा आवाज होतो म्हणून त्याच कारखानदारांशी. पण त्यांचं भांडण मी कुठेच पाहिलेलं नव्हतं तसं होतं. ऐन रंगात आलं की ते हात वर करायचे. "आज माघार घेतो. हक्क राखून." आणि आत निघून जायचे. समोरचा माणूस तोंड उघडं ठेवून उभा. दूधवाला मला म्हणायचा, "ताई, हरलं कोण ता तरी सांगा."

मला तेव्हा वाटायचं हा माणूस भित्रा आहे. मी स्वतः भित्री आहे, म्हणून मला दुसऱ्याचं भित्रेपण लगेच दिसतं अशी माझी समजूत होती.

आता दाव्याचं सांगते.

माझे यजमान रोह्याला कंपनीत होते, म्हणजे ठेकेदाराकडे. आम्ही तिथे एका चाळीत खोली घेतली ती हेवी डिपॉझिटवर. हे ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी लिहिते. मालकाला एकदम मोठी रक्कम द्यायची, महिन्याचं भाडं द्यायचं नाही, आणि खोली सोडताना ती रक्कम जशीच्या तशी परत घ्यायची. आम्ही दोन लाख दिले होते. त्यात माझं मंगळसूत्र सोडून बाकी सगळं होतं. यजमान आजारानं गेले, मला तिथे राहून चालेना, वडखळजवळ माहेर म्हणून मी आधी तिथे गेले, आणि नंतर पेणला पापडाच्या कामाला आले. खोली रिकामी करून किल्ली दिली. पैसे मिळाले नाहीत.

रोह्याच्या त्या घरमालकांना सगळे दादा म्हणायचे. त्यांच्या बायकोला वहिनी. दादा म्हणाले गणपतीनंतर देतो. मग म्हणाले होळीनंतर. मग फोन उचलेनासे झाले. माझ्या भावानं रोह्यात वकील बघून दावा टाकला. मुलगी तेव्हा दहावीत होती. तिला नर्सिंगला जायचं होतं आणि त्याची फी म्हणजे हेच दोन लाख. माझ्याकडे दुसरं काही नव्हतं. पोह्याचे पापड लाटून पोट चालतं, फी होत नाही.

दावा पडून राहिला. तारीख यायची, मी बसनं नागोठण्यावरून रोह्याला जायचे, कोर्टाच्या बाहेर भिंतीला टेकून उभी राहायचे, आणि पुढची तारीख घेऊन यायचे. एका दिवसाची मजुरी बुडायची.

एका रविवारी दादाच पेणला आले. मला हात जोडले. "ताई, केस चालू असताना कोण पैसे देईल? माझी पण इज्जत हाय. दावा मागं घे. मग आपण बसून बोलू. घरातलंच हाय ना आपलं?" त्यांच्याबरोबर माझा भाऊ होता. तो म्हणाला, "घे गो मागं. किती वर्षं हेलपाटे मारशील?"

जाताना दादा पुढच्या पडवीत थांबले. नाझरांनी त्यांना चहा दिला. मी खिडकीतून पाहिलं, दोघं चांगले अर्धा तास बोलत होते. संध्याकाळी नाझरांनी मला हाक मारली. ते मला वादी म्हणायचे. दावा करणाऱ्याला कोर्टात वादी म्हणतात.

"वादीबाई, कागद आणा."

मी पिशवी आणली. ते उभ्यानं वाचायला लागले. सगळी कामं ते उभ्यानंच करायचे, जेवणसुद्धा. नोकरीभर रेकॉर्डरूममध्ये कपाटाला टेकून डबा खाल्ला, आता बसून घास उतरत नाही म्हणायचे. वाचून झाल्यावर त्यांनी चष्मा काढला.

"पैसे कुणाच्या हातात दिलेत?"

"वहिनींच्या."

"पावतीवर सही?"

"वहिनींची."

"घरपट्टी कुणाच्या नावावर?"

"ती पण वहिनींच्याच. त्यांच्या बापसानं दिलेली जागा हाय."

"मग दावा दादांवर का?"

मला प्रश्नच कळेना. "घर दादांचं ना."

"आत्ता तुम्ही म्हणालात वहिनींचं."

"नावावर वहिनींच्या. पण घर दादांचंच म्हणतात सगळे. वकिलांनी विचारलं घरमालक कोण, मी दादांचं नाव सांगितलं." मग मी हळूच म्हणाले, "आणि बाईमाणसाचं नाव असं कोर्टात कसं घ्यायचं काका?"

नाझर हसले नाहीत. ते पडवीत या टोकापासून त्या टोकापर्यंत चालले. मग म्हणाले, "दावा मागे घ्या."

 दादा तेच म्हणाले होते, भाऊ तेच म्हणाला होता. आणि हे अर्धा तास दादांबरोबर चहा पीत होते. मला वाटलं यांनाही काही मिळालं असेल. मी कागद गोळा केले, खोलीत गेले, कडी लावली. त्या रात्री मी मुलीला म्हणाले, आपण खोली बदलू.

मुलगी माझ्यासारखी नाही. ती सकाळी उठली आणि सरळ पडवीत गेली. "काका, तुम्ही कुणाच्या बाजूचे?"

"मी पेन्शनर आहे. मला बाजू नसते," नाझर म्हणाले. "बसा. तुमच्या आईलाही बोलवा. मला एक गोष्ट सांगायची आहे."

त्यांनी सांगितलं ते असं. ते नवीन कारकून असताना तालुक्याच्या कोर्टात एक म्हातारा यायचा, नदीकाठच्या वाडीवरचा. त्याची वाट कुणीतरी कुंपण घालून बंद केली होती, त्याचा दावा होता. समोरच्यानं कोर्टाच्या व्हरांड्यात देवाची शपथ घेतली, दावा काढ, कुंपण काढतो. म्हाताऱ्यानं कागदावर अंगठा दिला. दावा काढला. कुंपण काही निघालं नाही. वर्षानं म्हातारा परत आला, नवा दावा करायला. नाझर तेव्हा टेबलावर होते. त्यांनाच सांगावं लागलं की आता त्याच गोष्टीसाठी दावा होत नाही, तुम्ही सोडून दिलंत.

"तो मला म्हणाला," नाझर म्हणाले, "साहेब, मी सोडलं कुठं? मी थोडा थांबलो व्हतो."

मग ते फडक्यानं चष्मा पुसत राहिले.

"त्याच्या कागदावर एक ओळ कमी होती. नवीन दावा करण्याची मुभा राखून. एवढीच. ती ओळ मागितली असती आणि कोर्टानं दिली असती, तर तो थांबलेला माणूस झाला असता. ती नव्हती, म्हणून तो सोडलेला झाला. अंगठा तोच."

मग त्यांनी मला माझं समजावलं. माझा दावा चुकीच्या माणसावर होता. दादांचा वकील एक दिवस उभा राहून म्हणणार, माझ्या अशिलानं पैसे घेतले नाहीत, सही केली नाही, घर त्याचं नाही. आणि ते खरंच असणार. मग मी हरणार, कायमची. नुसतं वहिनींचं नाव घालून दुरुस्ती करावी तर पहिल्या ओळीपासून सगळं दादांनी घेतलं, दादांनी लिहून दिलं असंच लिहिलेलं. म्हणून हा दावा मागे घ्यायचा, पण ती ओळ घालून. आणि मग वहिनींवर नवा करायचा.

"दादांनाही दावा मागेच हवाय ना?" मुलीनं विचारलं.

"हवाय. पण त्या ओळीशिवाय हवाय. चहा पिताना मी तेवढंच काढून घेतलं," नाझर म्हणाले. "चहा बिनसाखरेचा दिला होता. नोंद आहे."

मुदतीचंही त्यांनी सांगितलं. अशा पैशाला तीन वर्षं असतात. दावा मागे घेतला की आधी घालवलेला वेळ भरून मिळत नाही, मुदत मूळ दिवसापासूनच, म्हणजे मी किल्ली दिली तेव्हापासून मोजतात. माझे चार महिने उरले होते. त्यांनी कॅलेंडरवर शेवटच्या दिवसाभोवती पेन्सिलीनं चौकट काढली. त्या दिवशी चतुर्थी होती, चौकटीत छापील गणपती आला.

मला सगळं समजलं असं नाही. पण मी खोली बदलायचं मनातून काढलं.

तारखेच्या दिवशी ते माझ्याबरोबर रोह्याला आले. बसमध्ये त्यांनी त्यांचं तिकीट त्यांचं काढलं, माझं मी. नागोठण्यापर्यंत ते मला एकच वाक्य म्हणायला लावत होते. "सदर दाव्यात तांत्रिक दोष असल्याने नवीन दावा दाखल करण्याची परवानगी राखून दावा मागे घेण्याची अनुमती मिळावी." मी "सदर दाव्यात" इथपर्यंत यायचे आणि अडायचे. समोरच्या सीटवरची कोळीण मागे वळली. "कसला पाठ चाललाय गो? परीक्षा हाय काय?"

"आहे," नाझर म्हणाले. "तोंडी."

कोर्टाशी आल्यावर ते फाटकाबाहेरच थांबले. चहाच्या टपरीच्या बाकाजवळ, उभे. मला वाटलं ते आत येणार आहेत.

"काका, तुमी नाय येत?"

"नाही. निवृत्त झाल्यापासून मी ही पायरी चढलेलो नाही. पेन्शनर कोर्टात घुटमळायला लागला की लोक त्याला पैसे द्यायला लागतात. आधी चहाचे, मग कामाचे. माझे दोन दोस्त असेच वाया गेले."

"पन मला बोलायला नाय जमत."

"वाचता येतं ना?"

"हळूहळू."

"हळूहळूच वाचा. सही करायच्या आधी बोट ठेवून वाचा. ती ओळ असेल तर सही. नसेल तर नाही. कुणी घाई केली तर अजून हळू वाचा."

मी आत गेले. माझे वकील वाईट माणूस नव्हते. त्यांच्या हातात त्या दिवशी दहा-बारा फायली होत्या आणि एका कोर्टातून दुसऱ्या कोर्टात पळत होते. त्यांना मी आधी फोनवर सांगितलं होतं, म्हणजे मुलीनं सांगितलं होतं, की ती ओळ हवी. त्यांनी टाइप केलेला कागद माझ्यासमोर धरला. "ताई, इथे सही. मिटलं सगळं."

दादा तिथेच उभे होते. त्यांनी पेन पुढे केलं.

मी कागद भिंतीवर धरला आणि बोट ठेवून वाचायला लागले. वादीचं नाव. प्रतिवादीचं नाव. "आम्हा उभयतांमध्ये समजुतीची बोलणी सुरू असल्याने". दादा म्हणाले, "अगो, वकिलांनी लिहिलंय, त्यात काय बघायचं?" मी अजून हळू वाचलं. "वादीस सदर दावा पुढे चालवणे नाही. करिता दावा निकाली काढावा." त्याखाली माझ्या सहीची जागा.

ओळ नव्हती.

मी पुन्हा वरून वाचलं. मला वाटलं माझीच चूक होत असेल. दुसऱ्यांदाही नव्हती.  मी वकिलांना म्हणाले, "ती ओळ नाय यात."

"कुठली ओळ?"

"नव्या दाव्याची."

"अहो, जजसाहेब देतील की नाही ठाऊक नाही. साधं मागे घेतलं की आत्ता होतंय. दादा पैसे देतायत ना?"

"देणार म्हणजे देणारच," दादा म्हणाले. "देवाशपथ."

दादांनी तो शब्द काढायला नको होता. मी पेन त्यांच्या हातात परत दिलं. आयुष्यात मी कुणाला "नाही" असं तोंडावर म्हटलेलं नव्हतं. तेव्हाही म्हटलं नाही. मी फक्त कागदावर सही केली नाही आणि तिथेच उभी राहिले. वकील चिडले, घड्याळ बघितलं, मग त्यांनी पेन काढलं आणि कागदावर हातानं दोन ओळी घातल्या. मी त्या वाचल्या. त्यांचं अक्षर माझ्याहून वाईट होतं, पण मुभा हा शब्द लागला. सही केली.

आतमध्ये पुकारा झाला. साहेबांनी कागद वाचला, दादांच्या वकिलांनी हरकत घेतली. मग साहेबांनी चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं. "बाई, तुम्हाला कळतंय का काय लिहिलंय? दावा मागे घ्यायचाय की नाही घ्यायचा?"

माझे वकील बोलायला गेले. साहेब म्हणाले, त्यांनाच बोलू द्या.

"सदर दाव्यात" एवढं माझ्या तोंडून निघालं. पुढचं बसमध्येच राहिलं होतं. सगळे माझ्याकडे बघत होते. मी साडीचा पदर मुठीत धरला आणि जे आलं ते बोलले.

"साहेब, मी दावा मागं घेतंय. पैसे सोडीत नाय. चुकीच्या मानसाचं नाव घातलंय मी. पैसे वहिनींनी घेतलेत. मला त्यांचं नाव घ्यायला लाज वाटली व्हती."

कोर्टात कुणीतरी हसलं. साहेब हसले नाहीत. त्यांनी दादांच्या वकिलांना विचारलं, "पैसे तुमच्या अशिलानं घेतलेले नाहीत, हीच तुमची कैफियत आहे ना?" ते हो म्हणाले, दुसरं काय म्हणणार. साहेबांनी लिहायला सांगितलं. परवानगी दिली. खर्चापोटी मी दादांना पाचशे रुपये द्यावेत असंही लिहिलं. मी तिथेच कमरेच्या पिशवीतून नोट काढून दिली. दादांनी ती शर्टाच्या वरच्या खिशात ठेवली, आणि वरून हात फिरवला. जिंकल्यासारखे बाहेर गेले.

फाटकाबाहेर नाझर तसेच उभे होते. मी सांगितलं. त्यांनी सगळं दोनदा ऐकलं. मग म्हणाले, "तुम्ही माझं वाक्य बोलला नाहीत."

"विसरले काका."

"बरं झालं," ते म्हणाले. "माझ्या वाक्यात लाजेचा मुद्दा नव्हता."

येताना बसमध्ये त्यांनी माझं तिकीट काढलं. घरी आल्यावर मी सुटे पैसे द्यायला गेले तर घेतले नाहीत, पावतीही लिहिली नाही.

पुढचे दिवस त्यांनी मला वादीबाई म्हणणं बंद केलं. "सध्या तुमचा दावा नाही, तुम्ही नुसत्या बाई." रोज सकाळी नुसत्या बाईंना विचारायचे, "वकिलांना फोन केलात?" मी लाजून केलेला नसला की ते मुलीकडे बघायचे. वकिलांनी वेळ लावला. एकदा कागद हरवले, नाझरांच्या प्रतीवरून पुन्हा केले. चौकटीतल्या दिवसाच्या एक आठवडा आधी नवा दावा दाखल झाला. प्रतिवादी म्हणून वहिनींचं संपूर्ण नाव, बापाच्या नावासकट. मी ते बोट ठेवून वाचलं. संध्याकाळी पडवीतून हाक आली, "वादीबाई, चहा घ्या."

नाझर म्हणायचे, माणसाला माघार शिकवत नाहीत. लढायला शिकवतात, नाही तर सोडून द्यायला. मधलं कुणी शिकवत नाही. ते स्वतः किती वेळा थांबले आणि किती वेळा सोडलं, ते मला माहीत नाही. त्यांची बायको मी येण्याच्या खूप आधी वारली होती. मुलगा परदेशात होता, फोनवर दोघांचं भांडण व्हायचं, आणि तिथेही शेवटी तेच ऐकू यायचं, आज माघार घेतो. पण मुलगा ते ऐकून पुढच्या रविवारी परत फोन करायचा, हे मी पाहिलं. दूधवालाही रोज यायचा. त्यांचं कुणाशीच कायमचं तुटलेलं नव्हतं. ज्याला मी भित्रेपण समजत होते ते काय होतं याला माझ्याकडे शब्द नाही. मी चौथी शिकलेली.

ते गेले ते श्रावणात, दुपारी, कपाटाला टेकून उभे असताना. फणसवाल्या शेजाऱ्यांनी कारखाना दोन दिवस बंद ठेवला. हंगामाच्या तोंडावर पेणमध्ये कारखाना बंद ठेवणं म्हणजे काय ते पेणचा माणूसच जाणे. नाझरांच्या मुलानं येऊन घर न विकता ठेवलं, आम्हालाही ठेवलं. कार्बनच्या प्रतींचे गठ्ठे मात्र रद्दीत गेले. मी कुणाला काही म्हणू शकले नाही.

वहिनींना समन्स लागलं तेव्हा नाझर हयात होते. बेलीफानं वहिनींचं नाव गल्लीत मोठ्यानं पुकारलं म्हणे. त्यानंतर पंधरा दिवसांनी वहिनी एकट्याच पेणला आल्या. मला वाटलं शिव्या द्यायला आल्या. त्या खोलीच्या उंबऱ्यावर बसल्या, पाणी प्यायल्या.

"माझं नाव घेतलंस गो कोर्टात. सगळ्या गल्लीनं ऐकलं."

मी तांब्यातून त्यांना आणखी पाणी दिलं.

"दादांनी मला सांगितलं तुझे पैसे दिले म्हणून. दोन वर्षं झाली. मी पन विचारलं नाय." मग त्या म्हणाल्या, "कागदात लिवलंय घर माझं हाय. माझंच हाय ते. मलाच आठवत नव्हतं."

त्यांनी कोर्टात तडजोड लिहून दिली. दावा मान्य, तीन हप्त्यांत पैसे. पहिले पन्नास हजार त्यांनी तिथेच भरले. दादा त्या दिवशी आले नव्हते. माझी ती खोली वहिनींनी पुन्हा भाड्यानं दिली, या वेळी महिन्याच्या भाड्यानं, आणि भाडं स्वतःच्या खात्यात घ्यायला लागल्या. दुसरा हप्ता पंचाहत्तर हजारांचा, तो महिनाभर उशिरा आला. मुलीचं नर्सिंगचं पहिलं वर्ष त्यातून झालं. ते नाझरांनी पाहिलं. तिचा पांढरा गणवेश बघून तिला म्हणाले, "तुम्ही आता इंजेक्शन देणार. मी हरकत नोंदवून ठेवतो."

शेवटचा हप्ता त्यांच्यानंतर आला. वहिनींना चेक लिहिता येत नव्हता, मलाही नाही. त्या म्हणाल्या, रोह्याला ये, बँकेत जाऊन माझ्या खात्यातनं तुझ्या खात्यात टाकू. आम्ही दोघी तिथे बाकावर नंबरची वाट बघत बसलो. त्यांनी डब्यात तांदळाच्या पिठाची तळलेली बोरं आणली होती, आम्ही ती खाल्ली. बँकेतल्या मुलीनं स्लिप भरून दिली, वहिनींनी सही केली, हळूहळू, पूर्ण नाव. मग मी माझी सही करायला हात पुढे केला, तर बँकेतली मुलगी म्हणाली, तुमची लागत नाही, तुम्हाला फक्त घ्यायचे आहेत.

वहिनी म्हणाल्या, "बघ, आले काय?"

मी माझ्या मुलीला फोन लावला. तिच्या फोनवर मेसेज येतो. ती वॉर्डात होती, हळू आवाजात तिनं वाचून दाखवलं. पंचाहत्तर हजार जमा. मी म्हणाले, परत वाच. तिनं परत वाचलं. दोन लाख पूर्ण झाले होते.